माठाशेजारी

कुपवाड एमआयडीसी, गाळा नंबर सदतीस.
आधी इथं मिरची कांडायचे.
दमट हवेत अजून भिंतीतून ठसका येतो
आणि फर्मेंटरशेजारी उभी राहून मी शिंकते.

‘आमचा माल जिवंत आहे,’
असं उपाध्येसाहेब बँकेत म्हणाले तेव्हा
मॅनेजरनं विचारलं, तारण काय?
जिवाणू. एका मिलिलिटरात दहा कोटी.
मॅनेजरनं पेनाला टोपण लावलं.
शेवटी गहाण पडला मिरजेतला प्लॉट
आणि वहिनींच्या पाटल्या.
कर्जाच्या कागदावर एकाही जिवाणूचं नाव नाही.

मी मोजते.
काचेच्या ताटल्या उजेडावर धरून
मार्करनं ठिपका, ठिपका, ठिपका.
आई विचारते, एमेस्सी होऊन दिवसभर काय करतीस?
मोजते.
पैसे?
नाही गं.
मग मोजायला दुसरं हाय काय जगात?

इथून बाटली निघते ती भरल्या घरासारखी.
बाबासो हिप्परगे टेम्पो भरतो,
कवठेमहांकाळ, डफळापूर, जत.
आणि जतमध्ये मल्लाप्पांच्या दुकानात
तापल्या पत्र्याला डोकं लावून
सगळ्यात वरच्या फळीवर आमची खोकी.
खाली सावलीत युरियाची पोती.
युरियाला कशाचंच काही नाही,
पण गिऱ्हाईक तेच मागतं, म्हणून ते हाताशी.

लेबलवर अठरा महिने छापा, पुण्याचा सल्लागार म्हणाला,
बाकीचे चोवीस छापतात.
त्याच्या बुटांवर आम्ही निळ्या पिशव्या चढवल्या होत्या.
भिंतीवर त्यानं आलेख पाडला,
वर, वर, पार पंख्यापर्यंत.
माझ्या वहीतला आलेख खाली येत होता:
चौथ्या महिन्यात सहा कोटी,
आठव्यात चाळीस लाख,
अकराव्यात अकरा.
अकरा लाख नव्हे. अकरा.
साहेबांनी वही मिटली, हळूच,
झोपलेल्या पोराच्या खोलीचं दार लोटावं तशी.
मग म्हणाले, हप्ता पाच तारखेला असतो, बाई.

जूनमध्ये जतहून माल परत आला.
बावीस खोकी, धुळीनं पिवळी.
ऑटोक्लेव्हमध्ये घालण्याआधी
मी प्रत्येक खोक्यातली एक बाटली लावून पाहिली.
ताटल्या कोऱ्या.
सारवलेल्या अंगणासारख्या कोऱ्या.
एकविसाव्या ताटलीपर्यंत
मी मार्करचं टोपणसुद्धा काढलं नव्हतं.

बाविसावी भरगच्च.
तीनदा लावली. तीनदा भरगच्च.
बाबासोला फोन केला.
ते होय? खोकं फाटलेलं तेवढं,
मल्लाप्पांच्या सुनेनं माठाखाली सारलंवतं,
तिवईच्या पायात.
माठ पाझरतोय, म्हटली, पुठ्ठा पाणी पितोय.

साहेब बराच वेळ बोलले नाहीत.
मग कॅल्क्युलेटर ओढला.
चारशे दुकानं, एक माठ एकशेऐंशी,
गाडीभाडं वेगळं, फुटतूट दहा टक्के.
कोल्ड स्टोरेजचं कोटेशन त्यांनी उलटं केलं
आणि त्याच्या पाठीवर कुंभाराचा नंबर लिहिला.

सल्लागाराला माठ पसंत पडला नाही.
गुंतवणूकदाराला माठ कसा दाखवायचा, म्हणाला.
पुन्हा आला नाही.

आता लेबलवर नऊ महिने आहेत
आणि खाली बारीक अक्षरात, माठाशेजारी ठेवा.
सगळं सुरळीत झालंय असं नाही.
निम्मे दुकानदार माठातलं पाणी पितात
आणि खोकी परत फळीवर.
डफळापूरच्या एकानं माठच विकला.
मल्लाप्पांचा परवा फोन,
माठाला चीर गेलीय, भरपाई कोण देणार?

सोमवार आहे.
शिंक येऊन गेली.
टोपण काढलंय.
एक.